मान्यतेची कुस्ती

ठाण्याहून काशेळी-काल्हेरच्या रस्त्याने भिवंडीकडे जाऊ लागले म्हणजे पूर्णा हे गाव लागते. जेथे पूर्वी भाताची खाचरे होती तेथे आता गोदामांच्या पत्र्यांची छपरे नजर पोहोचेल तेथवर पसरलेली दिसतात, रस्त्यावर मालमोटारींची रांग तुटत नाही आणि तिच्या मधोमध मेट्रोचे खांब उभे राहिले आहेत. ह्या पट्ट्यातील आगरी-कोळी वस्तीला कबड्डी आणि कुस्ती हे खेळ कोणी शिकवावे लागले नाहीत. गोदामात दिवसभर खोकी उचलणारा तरुण संध्याकाळी मैदानात उतरतो, हे दृश्य भिवंडी तालुक्यात आजही दुर्मीळ नाही. अशा एखाद्या तरुणाने जिल्हा गाजविला, राज्याच्या स्पर्धेत पदक मिळविले आणि प्रमाणपत्र हाती घेऊन तो सरकारी कचेरीत गेला, अशी कल्पना करावी. तेथे त्याला पहिला प्रश्न विचारला जातो तो त्याच्या खेळाविषयी नव्हे, तर ज्या संघटनेने त्याला खेळविले तिच्याविषयी. ही संघटना मान्यताप्राप्त आहे काय? त्या एका प्रश्नाच्या उत्तरावर त्याचे पदक सोन्याचे ठरते की पितळेचे, हे अवलंबून असते.

महाराष्ट्रात शासकीय नोकरीत खेळाडूंसाठी पाच टक्के जागा राखून ठेवलेल्या आहेत. दहावी-बारावीच्या परीक्षांत खेळाडूंना वाढीव गुण मिळतात. हे दोन्ही लाभ प्रमाणपत्रावर मिळतात आणि प्रमाणपत्राची पडताळणी क्रीडा खात्याकडून होते. प्रस्तुत लेखकाची काही वर्षे शाळेच्या वर्गात गेली आहेत. गणितात जेमतेम तरणारा एखादा मुलगा केवळ खेळाच्या गुणांवर पुढच्या वर्गात, आणि त्याबरोबर पुढच्या आयुष्यात, कसा जातो हे आम्ही जवळून पाहिले आहे. त्या मुलाच्या आईबापांना संघटनेची घटना, तिचे सभासद, तिची निवडणूक ह्यांची यत्किंचितही माहिती नसते. असण्याचे कारणही नाही. पण संघटनेच्या दोन गटांत वाद लागला की त्या वादाची किंमत प्रथम हेच लोक मोजतात. म्हणून क्रीडासंघटनांच्या मान्यतेचे वाद कोणत्या न्यायालयात चालावेत, हा विषय दिसतो तितका रुक्ष नाही.

दूरचे उदाहरण शोधण्याची गरज नाही. कुस्ती हा तर महाराष्ट्राचा जीव की प्राण. मामासाहेब मोहोळ यांनी १९५३ साली महाराष्ट्र राज्य कुस्तीगीर परिषद स्थापन केली आणि १९६१ पासून ‘महाराष्ट्र केसरी’ हा किताब सुरू झाला. साठ वर्षे ह्या किताबाला एकच अर्थ होता: त्या वर्षीचा महाराष्ट्रातील सर्वश्रेष्ठ मल्ल. २०२२ च्या मध्यास भारतीय कुस्ती महासंघाने ही राज्य परिषद बरखास्त केली आणि दुसरी कार्यकारिणी उभी राहिली. परिषदेचे अध्यक्षपद शरद पवार यांच्याकडे होते. नव्या संघाचे अध्यक्ष झाले वर्ध्याचे तेव्हाचे खासदार रामदास तडस. वाद मुंबई उच्च न्यायालयात गेला. पुढे काय झाले ते सर्वांनी पाहिले. २०२३ च्या नोव्हेंबरात पुण्याजवळ फुलगाव येथे सिकंदर शेख याने शिवराज राक्षे याला हरवून ‘महाराष्ट्र केसरी’ची गदा उचलली, आणि त्याच महिन्यात धाराशिव येथे शिवराज राक्षे याने हर्षवर्धन सदगीर याला हरवून ‘महाराष्ट्र केसरी’चीच गदा उचलली! महिना एक, किताब एक आणि केसरी दोन. एवढ्यावर हे थांबले असते तर अपघात म्हणून सोडून देता आले असते. पण २०२५ च्या फेब्रुवारीत अहिल्यानगरला पृथ्वीराज मोहोळ केसरी झाला आणि पुरते दोन महिने लोटण्यापूर्वीच त्याच जिल्ह्यातील कर्जतला वेताळ शेळके केसरी झाला. ह्यांपैकी कोणत्याही मल्लाचा यात काही दोष नाही. प्रत्येकाने समोरचा प्रतिस्पर्धी चीत केला आहे आणि घाम गाळला आहे. जंगलात दोन सिंह असू शकतात. एका किताबाचे दोन मानकरी होऊ लागले की किताबाचे मोल मात्र अर्ध्यावर राहत नाही, ते त्याहून पुष्कळ खाली जाते.

राज्यातील हा प्रकार कोता वाटावा असा गोंधळ देशपातळीवर झाला. महिला कुस्तीगिरांनी महासंघाच्या अध्यक्षांविरुद्ध केलेल्या गंभीर आरोपांनंतर २०२३ साली महासंघाची निवडणूक घेण्याचे ठरले. ती जुलैत होणार होती. आसामच्या राज्य संघटनेचे म्हणणे असे की, आपल्याला महासंघाची संलग्नता मिळावयास हवी होती, ती मिळाली नाही. म्हणून मतदारयादीत आपले नाव नाही. तिने गुवाहाटीच्या उच्च न्यायालयात धाव घेतली आणि जूनअखेर निवडणुकीला स्थगिती मिळविली. सर्वोच्च न्यायालयाने जुलैत तो अडथळा दूर केला. मग १२ ऑगस्ट हा दिवस मुक्रर झाला. त्याच्या आदल्या दिवशी चंडीगढच्या पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने पुन्हा स्थगिती दिली. तेथेही मूळ वाद हाच, की हरियाणातील दोन संघटनांपैकी खरी कोणती आणि मताचा अधिकार कोणास. वेळेत निवडणूक झाली नाही म्हणून जागतिक कुस्ती संघटनेने ऑगस्टअखेर भारतीय महासंघाला निलंबित केले. सप्टेंबरात बेलग्रेडच्या जागतिक स्पर्धेत आमच्या मुलामुलींना स्वतःच्या देशाच्या ध्वजाखाली उतरता आले नाही. अंतिम पंघाल हिने तेथे कांस्यपदक मिळविले आणि पॅरिस ऑलिंपिकची जागाही मिळविली, पण कोणाच्या नावावर? त्रयस्थ खेळाडू म्हणून! सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबरअखेर दुसरी स्थगिती उठविली, २१ डिसेंबरला निवडणूक झाली आणि तीनच दिवसांनी केंद्रीय क्रीडा मंत्रालयाने नव्या मंडळाला निलंबित केले. ते निलंबन उठावयास २०२५ चा मार्च उजाडला. मधल्या काळात दिल्ली उच्च न्यायालयाने २०२४ च्या ऑगस्टात जुन्या तात्पुरत्या समितीला पुन्हा जिवंत केले होते. गुवाहाटी, चंडीगढ, दिल्ली. एका संघटनेसाठी तीन उच्च न्यायालये आणि वर सर्वोच्च न्यायालय. ज्याने त्याने आपल्या सोयीचा उंबरठा गाठला.

हे शक्य कसे झाले, ह्याचा थोडा इतिहास आहे. आपल्या घटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाप्रमाणे उच्च न्यायालयाला रिट काढण्याचा अधिकार आहे. आरंभी ज्याच्याविरुद्ध दाद मागावयाची त्याची कचेरी त्या उच्च न्यायालयाच्या प्रदेशात असावी लागे. केंद्र सरकार दिल्लीत, म्हणून मद्रासच्या माणसालाही उत्तरेकडे जावे लागे. हा जाच दूर करण्यासाठी १९६३ साली पंधराव्या दुरुस्तीने असे ठरविण्यात आले की, वादाचे कारण जेथे पूर्णतः अथवा अंशतः घडले असेल तेथील उच्च न्यायालयातही दाद मागता यावी. ही सवलत सामान्य नागरिकासाठी होती आणि ती योग्यच होती. परंतु अखिल भारतीय संघटनेच्या बाबतीत वादाचे कारण ‘अंशतः’ घडले नाही असे राज्यच उरत नाही. पत्र गुवाहाटीला पोहोचले, कारण तेथे घडले. खेळाडू रोहतकचा, कारण तेथे घडले. गरिबाची वाट सोपी व्हावी म्हणून काढलेला रस्ता संघटनेतील मातब्बरांनी आपल्या गाड्यांसाठी वापरला, असेच म्हणावे लागते.

येथे कोणी म्हणेल की, संघटना ही शेवटी सभासदांची खाजगी मंडळी. तिच्या भांडणात न्यायालयाने पडूच नये. हा युक्तिवाद जुना आहे आणि तो सर्वस्वी खोटाही नाही. आमच्या सीमाभागातील बेळगावच्या एका फ्रीमेसन लॉजने आपल्या सभासदाला काढून टाकले, तो वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९६२ च्या डिसेंबरात न्यायालयाने सांगितले की, सभासद मंडळाच्या नियमांनी बांधलेला असतो. न्यायालय त्या निर्णयावर अपील ऐकावयास बसत नाही. नियमांचे पालन झाले काय, म्हणणे मांडण्याची संधी दिली काय आणि निर्णय सद्भावनेने झाला काय, एवढेच ते पाहील. लॉजपुरता हा निर्णय चोख आहे. बेळगावच्या गृहस्थाला एका लॉजने काढले तरी त्याचे पोट त्यावर अवलंबून नव्हते. पण कुस्तीगिराला एकच राज्य संघटना असते आणि तिच्या दाराबाहेर त्याच्यासाठी मॅट नाही, स्पर्धा नाही, नोकरी नाही. मक्तेदारी आली की ‘खाजगी’ हा शब्द लटका पडतो. इंग्लंडातील जॉकी क्लब हे खाजगीपणाचे शिखरच. घोडे तयार करणाऱ्या फ्लॉरेन्स नॅगल ह्या बाईंना त्या क्लबाने केवळ स्त्री म्हणून परवाना नाकारला. परवाना दिला तो त्यांच्या तबेल्यातील मुख्य नोकराच्या नावाने! १९६६ साली तेथील अपील न्यायालयाने बाईंचा दावा ऐकण्यायोग्य ठरविला, कारण ज्याच्या परवान्याविना धंदाच करता येत नाही त्याला मनमानी करण्याची मुभा देता येत नाही.

आपल्याकडे हा प्रश्न क्रिकेटने धसास लावला. क्रिकेट नियामक मंडळ घटनेच्या अर्थाने ‘राज्य’ नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००५ साली पाच न्यायमूर्तींच्या पीठापुढे तीन विरुद्ध दोन अशा मतांनी ठरविले. मात्र उच्च न्यायालयात रिट करण्याची वाट खुली ठेवली. मंडळाने आयपीएलच्या सट्टा प्रकरणी आपलीच चौकशी आपणच नेमलेल्या दोघांकडून करविली, तेव्हा ती नेमणूक २०१३ साली बेकायदा ठरविली ती आमच्या मुंबई उच्च न्यायालयाने. पुढे २०१५ च्या जानेवारीत सर्वोच्च न्यायालयाने निःसंदिग्धपणे सांगितले की, जे मंडळ देशाच्या नावाने संघ निवडते ते सार्वजनिक कार्य करते, म्हणून ते रिटच्या कक्षेत येते. देशाचे नाव छातीवर लावावयाचे आणि देशाच्या न्यायालयांना मात्र दार दाखवावयाचे, हा दुटप्पीपणा त्या दिवशी संपला.

न्यायालयांना अधिकार असावा, ह्याविषयी आमच्या मनात म्हणून शंका नाही. शंका आहे ती त्यांनी तो वापरावा किती, ह्याविषयी. लोढा समितीच्या शिफारशी स्वीकारताना २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने ‘एक राज्य, एक मत’ हे तत्त्व लागू केले. त्याप्रमाणे मुंबई, महाराष्ट्र आणि विदर्भ ह्या तीन जुन्या संघटनांना आळीपाळीने एका मतावर भागवावे लागले असते. ज्या मुंबईने रणजी करंडकावर वर्षानुवर्षे आपले नाव कोरले तिचे हे भवितव्य! दोन वर्षांनी, ऑगस्ट २०१८ मध्ये, त्याच न्यायालयाने तो भाग बदलून तिन्ही संघटनांचे पूर्ण सदस्यत्व परत दिले. चूक दुरुस्त झाली हे चांगलेच झाले. पण खेळाची घटना न्यायालयाने लिहावयास घेतली की अशा चुका व्हावयाच्याच. फुटबॉलमध्ये तर नामुष्की थोडक्यात टळली. न्यायालयाने नेमलेली प्रशासक समिती महासंघाचा कारभार पाहत असताना ‘फिफा’ने २०२२ च्या ऑगस्टात भारताला निलंबित केले. ऑक्टोबरात मुलींच्या विश्वचषकाची अंतिम लढत नवी मुंबईत व्हावयाची होती. सर्वोच्च न्यायालयाने तातडीने समिती रद्द केली आणि अकरा दिवसांत निलंबन उठले म्हणून ती झाली. कबड्डीची गोष्ट तर आमच्या ह्या पट्ट्याला अधिकच जवळची. महासंघाचा कारभार एका कुटुंबाच्या हाती एकवटला म्हणून दिल्ली उच्च न्यायालयाने २०१८ साली तेथे प्रशासक नेमला. नेमणूक रास्त होती. पण २०२३ च्या डिसेंबरात निवडणूक होऊनही निवडून आलेल्यांच्या हाती कारभार आला नाही, आंतरराष्ट्रीय मान्यतेचा प्रश्न उभा राहिला आणि अखेर खेळाडूंनाच सर्वोच्च न्यायालयात जावे लागले. २०२५ च्या फेब्रुवारीत न्यायालयाने कारभार हस्तांतरित करण्यास सांगितले, तेव्हा कोठे आमच्या मुली आशियाई स्पर्धेसाठी तेहरानला गेल्या आणि अजिंक्यपद घेऊन आल्या. औषध म्हणून आलेला प्रशासक साडेसहा वर्षे राहिला तर त्याला औषध म्हणावे की दुखणे?

आता पुन्हा पूर्ण्याच्या त्या तरुणाकडे वळू. त्याने दाद कोठे मागावी? भिवंडीच्या दिवाणी न्यायालयात गेला तर समोरची बाजू सांगेल की, संस्था सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था म्हणून नोंदलेली आहे. पदाधिकारी कोण हा प्रश्न धर्मादाय आयुक्तांनी ठरवावयाचा आहे आणि १९५० च्या विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या ८० व्या कलमाने दिवाणी न्यायालयाला त्यात मज्जाव आहे. धर्मादाय कचेरीत गेला तर तेथे दोन्ही गटांचे बदल अर्ज पडून आहेत. संस्थेत नवे पदाधिकारी आले की कलम २२ खाली नव्वद दिवसांत बदलाची नोंद मागावयाची असते. हरकत आली की चौकशी, चौकशीनंतर अपील, अपिलानंतर जिल्हा न्यायालय. तोवर एका संस्थेचे दोन अध्यक्ष, दोन चिटणीस आणि दोन रबरी शिक्के सुखेनैव नांदत असतात. उच्च न्यायालयात गेला तर, आधी पर्यायी उपाय संपवून या, असे ऐकावे लागेल. आणि वाद राष्ट्रीय महासंघाच्या संलग्नतेचा असेल तर दिल्ली आहेच. वकिलाची फी आणि गाडीभाडे बाजूला ठेवले तरी एक गोष्ट परत मिळत नाही. कबड्डीपटूची ऐन उमेदीची वर्षे सात-आठ. आपल्या दाव्यांचे आयुष्य त्याहून लांब असते.

२०२५ च्या ऑगस्टात संसदेने राष्ट्रीय क्रीडा प्रशासन कायदा संमत केला तो ह्या पार्श्वभूमीवर. मान्यता देण्यासाठी राष्ट्रीय क्रीडा मंडळ, वादांसाठी राष्ट्रीय क्रीडा न्यायाधिकरण, दिवाणी न्यायालयांना बंदी आणि अपील थेट सर्वोच्च न्यायालयात, अशी त्याची रचना आहे. अनेक दारांऐवजी एक दार, ही कल्पना आम्हांस पसंत आहे. मान्यता देणे आजवर मंत्रालयाच्या मर्जीचा भाग होता. ते काम कायद्याने स्थापलेल्या मंडळाकडे जाणे ही प्रगतीच होय. मंडळावरील माणसे सरकारच नेमणार, तेव्हा मर्जी कितपत सुटेल हा प्रश्न उरतोच. पण आमचा मुख्य आक्षेप वेगळा आहे. एक दार असावे हे खरे, पण ते असावे कोठे? दिल्लीत एक न्यायाधिकरण आणि त्याच्या वर फक्त सर्वोच्च न्यायालय, तेही दिल्लीतच. मध्ये मुंबई नाही, नागपूर नाही. १९६३ च्या दुरुस्तीने नागरिकाची दिल्लीची वारी चुकविली, ती साठ वर्षांनी खेळाडूच्या नशिबी पुन्हा आली. उच्च न्यायालयाचा २२६ खालील अधिकार संसदही काढून घेऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली सात न्यायमूर्तींच्या पीठातर्फे ठरविले आहे. तेव्हा चतुर मंडळी रिटच्या वाटेने गुवाहाटी-चंडीगढचे फेरे पूर्वीप्रमाणेच घालू शकतील, आणि दिवाणी न्यायालयाचे जवळचे दार बंद होईल ते मात्र साध्या खेळाडूला.

‘क्रीडा’ हा विषय घटनेच्या सातव्या अनुसूचीत राज्यांच्या सूचीत आहे, ह्याचे स्मरण येथे द्यावेसे वाटते. जिल्हा आणि राज्य संघटनांतील भांडणे दिल्लीने निस्तरावीत हे घटनेच्या मनात नव्हते. राजस्थानाने २००५ सालीच आपल्या क्रीडासंघटनांच्या नोंदणीचा व मान्यतेचा कायदा केला. त्यात सरकारी हस्तक्षेपाचा धोका आहे आणि तो आम्ही नजरेआड करीत नाही. पण त्याचे गुणदोष तपासून महाराष्ट्राने आपल्यापुरती व्यवस्था का करू नये? निवृत्त जिल्हा न्यायाधीशाच्या अध्यक्षतेखाली राज्य क्रीडा लवाद विभागवार बसावा, ठाण्याचा वाद ठाण्यात ऐकावा आणि मोसम सुरू होण्यापूर्वी निकाल द्यावा, यासाठी फार मोठा खजिना लागत नाही. राष्ट्रीय न्यायाधिकरणानेही वर्षातून काही आठवडे मुंबईत बसावे, ही मागणी महाराष्ट्राच्या खासदारांनी पक्षभेद विसरून करावयास हवी. कुस्तीच्या आखाड्यात दोन्ही बाजूंना सर्व पक्षांची माणसे उतरली होती. तितकी एकजूट येथेही दाखविता येईल.

हे सर्व होईल तेव्हा होईल. एक गोष्ट मात्र राज्याच्या क्रीडा खात्याला आजच करता येण्याजोगी आहे आणि तिला कायदाही लागत नाही. दोन गटांत मान्यतेचा वाद न्यायप्रविष्ट असताना भरलेल्या स्पर्धेत जो खेळाडू प्रत्यक्ष खेळला, ज्याचे वजन झाले, वय तपासले गेले, ज्याची गुणपत्रिका पंचांच्या सहीने उपलब्ध आहे, त्याचे प्रमाणपत्र केवळ संघटनेच्या वादामुळे नाकारले जाणार नाही, असा एक शासन निर्णय काढावा. बनावट प्रमाणपत्रांचा सुळसुळाट आम्हांस ठाऊक आहे. म्हणूनच संघटनेचा शिक्का न पाहता सामन्याची नोंद पाहावी, असे आम्ही म्हणतो. पदाधिकाऱ्यांनी आपली भांडणे आपल्या खर्चाने हव्या त्या न्यायालयात लढावीत. येत्या मोसमापूर्वी हा शासन निर्णय निघतो की नाही, याकडे आमचे लक्ष राहील. आणि न निघाल्यास तो का निघाला नाही, हे क्रीडामंत्र्यांना ह्याच जागेवरून आम्ही पुन्हा विचारू.